सावलीची टोपी, आघाताची टोपी : चांदा मुलखातील शिरस्त्राणाचा इतिहास

डोक्यावर घ्यायच्या वस्तूंना मराठीत नावांची वाण नाही. पागोटे, मुंडासे, फेटा, पगडी, टोपी, चुंबळ, टोप आणि शिरस्त्राण ही त्यांतली नित्याची नावे झाली. पण ती जवळून पाहिली तर त्यांतील बहुतेक मान, ऊन किंवा ओझे यांच्याशी बांधलेली आढळतात, आणि आघातापासून संरक्षण हा अर्थ टोप व शिरस्त्राण या युद्धातून आलेल्या दोनच शब्दांना होता. त्यामुळे शांततेच्या काळात, रोजच्या कामावर निघालेल्या साध्या माणसाच्या डोक्यावर जेव्हा आघात झेलणारी वस्तू आली, तेव्हा तिने आपले नावही बाहेरूनच आणले. ‘शिरस्त्राण’ राजपत्रातील अधिसूचनांपुरते उरले आणि खाणीच्या तोंडापासून पेट्रोल पंपापर्यंत सर्वत्र ‘हेल्मेट’ रूढ झाले. या स्थित्यंतराचा इतिहास पाहण्यासाठी जुन्या चांदा, म्हणजे चंद्रपूर, जिल्ह्याइतका सोयीचा प्रदेश महाराष्ट्रात दुसरा क्वचितच सापडेल. त्याच्या पश्चिमेला वर्धा नदीच्या खोऱ्यातील कोळसा खाणी आहेत, पूर्वेला वैनगंगेपलीकडे पसरलेले आणि २६ ऑगस्ट १९८२ पासून गडचिरोली या स्वतंत्र जिल्ह्यात गेलेले अरण्य आहे, आणि या दोहोंच्या मध्ये, चंद्रपूरहून मूलमार्गे गडचिरोलीकडे जाणाऱ्या रस्त्यावर, धानाच्या बांध्यांनी वेढलेले सावली हे तालुक्याचे गाव आहे.

सावलीच्या परिसरात डोक्याची पहिली गरज गावाच्या नावातच सांगितल्यासारखी वाटते, मग त्या नावाची व्युत्पत्ती काहीही असो. चंद्रपूरचा उन्हाळा देशातील सर्वांत कडक उन्हाळ्यांपैकी एक मानला जातो, आणि त्याच उन्हात मोहफुले वेचणे, तेंदूपत्ता तोडणे ही जंगलातील मुख्य कामे येतात. म्हणून पुरुषाच्या डोक्याला गुंडाळलेला दुपट्टा आणि स्त्रीच्या डोक्यावरचा पदर हे येथील खरे शिरोवस्त्र होते. ओझ्यासाठी चुंबळ असे. जुने लुगडे किंवा धोतराचा फाटका तुकडा पिळून त्याचे वेटोळे करायचे, मोकळे टोक आत खोचायचे, आणि ते वेटोळे टाळूवर अशा बेताने बसवायचे की घागर, मोळी किंवा धानाचा भारा यांचे वजन एका बिंदूवर न येता कवटीच्या मोठ्या भागावर पसरावे, अशी ही रचना असते. चुंबळीला यंत्रशास्त्राचे नाव कोणी दिले नाही. परंतु भार वाटून घेणे हे जे तत्त्व पुढे कारखान्यातील हेल्मेटाच्या आतल्या पट्ट्यांत आले, ते पाणवठ्यावरून येणाऱ्या बाईच्या डोक्यावर फार आधीपासून होते. चुंबळ स्थिर ओझे सांभाळते आणि हेल्मेटाला क्षणात येऊन आदळणारे ओझे सांभाळायचे असते, एवढाच दोहोंतील फरक आहे, आणि पुढचा सारा इतिहास त्या फरकाचा आहे.

ब्रिटिश अमदानीत या मुलखात आणखी एक टोपी आली. जंगल खात्याचे अधिकारी, पाटबंधाऱ्यांचे अभियंते आणि दौऱ्यावरचे साहेब जी सोला टोपी घालत, ती भेंडाची असे. भेंड म्हणजे तळ्यात व दलदलीत वाढणाऱ्या एका वनस्पतीचा पांढरा, अत्यंत हलका गाभा, ज्यापासून महाराष्ट्रात बाशिंगे आणि मखरांची फुले केली जात. हिंदुस्थानचे ऊन युरोपीय मेंदूला घातक आहे अशी त्या काळी वैद्यकातही समजूत होती, आणि सोला टोपी हे त्या समजुतीचे अपत्य होते. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात ती समजूत ढासळली आणि टोपीही गेली. गंमत अशी की, उन्हाकरिता निवडलेला हा पदार्थ आघाताकरिताही वाईट नव्हता. तो हलका असून दाबला की चुरडतो, आणि चुरडताना धक्क्याची ऊर्जा गिळतो. मराठी घरातून भेंडाला हुसकावून त्याची जागा घेतली ती थर्माकोलने, आणि आजच्या मोटारसायकल हेल्मेटाच्या पोटातही हाच थर्माकोल, अधिक घट्ट व दाट करून, बसवलेला असतो. मखरातून २०१८ मध्ये राज्य सरकारच्या बंदीने बाहेर पडलेल्या या पदार्थाला डोक्यावर मात्र अजून चांगला पर्याय फारसा मिळालेला नाही.

सावलीच्या इतिहासातील सर्वांत प्रसिद्ध टोपी मात्र यांपैकी कोणतीच नव्हे. येथे खादीच्या कामाचे केंद्र होते, आणि १९३६ च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये गांधी सेवा संघाचे अधिवेशन सावलीत भरले, त्याला स्वतः गांधीजी उपस्थित होते. त्या पिढीच्या डोक्यावरची पांढरी खादीची टोपी ही संरक्षणाच्या अगदी उलट अर्थाची वस्तू होती. मे १९३० मध्ये धारासना येथील मिठागरावर चालून गेलेले सत्याग्रही डोक्यावर तीच टोपी घालून पोलिसांच्या लाठ्यांसमोर उभे राहिले होते आणि लाठी चुकवण्यासाठी त्यांनी हातही वर केला नव्हता. तेव्हा या टोपीचे सारे सामर्थ्य ती काहीच अडवत नाही या गोष्टीत होते. डोक्यावरच्या वस्तूने माणसाची निष्ठा सांगावी, त्याची कवटी वाचवावी असे नव्हे, हा संस्कार पगडीपासून गांधी टोपीपर्यंत अखंड चालत आला, आणि हेल्मेटाला पुढे जो विरोध झाला त्याच्या मुळाशी हा संस्कारही थोडाफार होता असे मानायला जागा आहे.

आघाताची टोपी या मुलखात जमिनीखालून वर आली. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात वर्धा खोऱ्यात कोळशाचा शोध लागला. वरोऱ्याची सरकारी खाण तीनएक दशके चालून १९०६ मध्ये बंद झाली, आणि साधारण त्याच वेळी बल्लारपूर येथे कोळसा काढायला सुरुवात झाली. त्यानंतर चंद्रपूर शहराच्या भोवताली आणि घुग्घुसकडे भूमिगत खाणींची रांग उभी राहिली. महाकाली, लालपेठ, दुर्गापूर-रयतवारी, सास्ती ही नावे आजही खाणींचीच नावे म्हणून ओळखली जातात. भूमिगत खाणीत माणसाचा मुख्य शत्रू डोक्यावर असतो. कोळसा काढल्यावर वरचा दगडाचा थर आधारावाचून राहतो, त्याला खाणीच्या भाषेत छत म्हणतात, आणि छत कोसळून झालेले मृत्यू हे भारतीय कोळसा खाणींच्या इतिहासात दीर्घकाळ सर्वांत मोठे प्रकरण राहिले. तरीही सुरुवातीची अनेक दशके मजूर डोक्याला फडके गुंडाळूनच खाली उतरत, कारण खुद्द युरोप-अमेरिकेतही तेव्हा याहून फार वेगळे चित्र नव्हते.

कठीण टोपीचा धंदा म्हणून आरंभ झाला तो सॅन फ्रान्सिस्कोत. तेथे खाणकामगारांना साहित्य पुरवणाऱ्या बुलार्ड घराण्यातील एडवर्ड बुलार्ड हा पहिल्या महायुद्धातून परतला, तो सैनिकाचे पोलादी शिरस्त्राण पाहून आणि वापरून. १९१९ मध्ये त्याने कॅनव्हासचे थर सरसात भिजवून, वाफेवर आकार देऊन, वर काळा रंग चढवलेली टोपी बाजारात आणली. वाफेवर ‘उकडलेली’ म्हणून तिला नावही तसेच पडले. १९३३ पासून बांधल्या गेलेल्या गोल्डन गेट पुलावर कामगारांना कठीण टोपी सक्तीची होती, आणि एका संपूर्ण कामाच्या जागेवर अशी सक्ती होण्याचे ते पहिल्या काही उदाहरणांपैकी एक मानले जाते. पुढे कॅनव्हासची जागा दाबून घट्ट केलेल्या तंतूंनी, मग धातू व काचतंतूने आणि शेवटी प्लास्टिकने घेतली. टोपीच्या कपाळावर विजेचा दिवा बसवायची सोय झाल्यावर तर खाणीत तिला दुहेरी उपयोग मिळाला: दोन्ही हात मोकळे राहिले, आणि दिवा हवा म्हणून का होईना, टोपी डोक्यावर राहू लागली. खाणकामगाराने हेल्मेट सहज स्वीकारले याच्या कारणांत या दिव्याचा वाटा मोठा आहे, ही बाब सुरक्षेच्या इतिहासात सहसा नोंदली जात नाही.

भारतात खाणींच्या तपासणीची सरकारी यंत्रणा १९०२ मध्ये कोलकात्यात सुरू झाली व १९०८ मध्ये धनबादला गेली; आज तिला खाण सुरक्षा महासंचालनालय म्हणतात. पहिला खाण कायदा १९०१ चा, दुसरा १९२३ चा, आणि पुढे दीर्घकाळ खाणींचा मूळ कायदा राहिलेला १९५२ चा. या शेवटच्या कायद्याखाली १९५७ मध्ये कोळसा खाणींची नियमावली झाली, आणि तिच्यात पुढे घातलेल्या तरतुदीने मान्यताप्राप्त नमुन्याचे हेल्मेट घातल्याशिवाय कोणीही खाणीत जाऊ नये, काम करू नये आणि त्याला जाऊ देऊ नये असे ठरले. कचेरी, उपाहारगृह यांसारख्या जागा तेवढ्या वगळल्या गेल्या. या वाक्यरचनेतील तिसरा भाग, म्हणजे ‘जाऊ देऊ नये’ हा, बारकाईने पाहण्याजोगा आहे. त्याने दोष केवळ उघड्या डोक्याने आत शिरणाऱ्याचा न राहता त्याला आत सोडणाऱ्याचाही झाला, आणि खाणीच्या व्यवस्थापकापासून ओव्हरमन व सरदारापर्यंत, म्हणजे पाळीतील कामावर देखरेख ठेवणाऱ्या पर्यवेक्षकांपर्यंत, प्रत्येकजण त्या टोपीला बांधला गेला. १९७३ च्या राष्ट्रीयीकरणानंतर आणि १९७५ मध्ये नागपूर येथे मुख्यालय असलेली वेस्टर्न कोलफिल्ड्स, म्हणजे स्थानिक वर्तमानपत्रांच्या भाषेत ‘वेकोलि’, स्थापन झाल्यानंतर चंद्रपूर, बल्लारपूर, माजरी व वणी या पट्ट्यांतील खाणी एकाच छत्राखाली आल्या आणि ही शिस्त सर्वत्र सारखी होत गेली.

या शिस्तीचे केंद्र दिवाखोली हे असते. भूमिगत खाणीत उतरणारा कामगार हजेरी लावून तेथे येतो, आपल्या क्रमांकाचा बिल्ला देऊन भारित केलेला दिवा घेतो, दिव्याचा घट कमरेच्या पट्ट्याला अडकवतो, तार पाठीवरून घेऊन टोपीच्या कपाळावरील खाचेत दिवा बसवतो, आणि मगच उताराच्या तोंडाकडे वळतो. पाळी संपल्यावर दिवा परत आला नाही तर तो कामगार अजून आत आहे असे समजायचे असते. टोपीवाचून दिवा बसत नाही, दिव्यावाचून आत जाता येत नाही, आणि आत गेल्यावाचून हजेरी म्हणजेच मजुरी नाही, अशी ही साखळी आहे. हेल्मेट घालावे असे कामगाराला पटवून देण्याची गरज या साखळीत फारशी उरत नाही.

अर्थात या टोपीची मर्यादाही खाणवाल्यांना पहिल्यापासून ठाऊक होती. कोसळणाऱ्या छतापुढे ती निरुपयोगी आहे. त्यासाठी लाकडी टेकू आणि पुढे छतात ठोकायचे पोलादी बोल्ट हेच उपाय. टोपी अडवते ती मुठीएवढा सुटलेला दगड, हातातून निसटलेले हत्यार, आणि बुटक्या वाटेतून जाताना आडव्या तुळईवर बसणारी धडक. तिची रचना त्याच मापाची असते: बाहेर कठीण कवच, आत डोक्याभोवती पट्ट्यांची जाळी, आणि दोहोंमध्ये बोटभर मोकळी जागा, जिच्यात कवच खाली दबते पण टाळूला टेकत नाही. भारतीय मानक संस्थेने, म्हणजे १९४७ मध्ये स्थापन झालेल्या आणि १९८७ पासून भारतीय मानक ब्यूरो या नावाने चालणाऱ्या संस्थेने, औद्योगिक हेल्मेटासाठी आयएस २९२५ हे मानक केले, ज्याची आजही आधार मानली जाणारी आवृत्ती १९८४ ची आहे. त्यात धक्का शोषण्याची, अणकुचीदार वस्तू आत न शिरण्याची, ज्वाला न धरण्याची आणि वीजरोधाची चाचणी सांगितली आहे. चंद्रपूरच्या औष्णिक वीज केंद्रात, घुग्घुस आणि गडचांदूर भागातील सिमेंट कारखान्यांत, बल्लारपूरच्या कागद गिरणीत आणि अलीकडे एटापल्ली तालुक्यातील सुरजागडच्या लोहखाणीत दिसते ती हीच टोपी; अभियंत्याची पांढरी व मजुराची पिवळी हा भेद मात्र कामाच्या जागेवरील रिवाज आहे, आणि त्यात पागोट्याच्या रंगावरून माणूस ओळखण्याची जुनी सवय नव्या साहित्यात उतरलेली दिसते.

मोटारसायकलच्या हेल्मेटाचा वंश निराळा आहे. तो शर्यतीच्या मैदानातून आला. इंग्लंडमधील ब्रुकलँड्स येथील शर्यतींचे वैद्यकीय अधिकारी डॉ. एरिक गार्डनर यांनी कॅनव्हास आणि लाखेची टोपी करवून घेतली, आणि १९१४ मध्ये आइल ऑफ मॅन बेटावरील शर्यतीत ती सक्तीची झाली. दुसरा टप्पा एका प्रसिद्ध मृत्यूने गाठला गेला: ‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’ म्हणून ओळखला जाणारा टी. ई. लॉरेन्स हा मे १९३५ मध्ये मोटारसायकलवरून पडून डोक्याच्या इजेने वारला, त्याच्यावर उपचार करणाऱ्यांत ह्यू केर्न्स हा तरुण मेंदूशल्यविशारद होता, आणि त्या अनुभवानंतर त्याने लष्करातील मोटारसायकलस्वारांच्या डोक्याच्या इजांचा पद्धतशीर अभ्यास हाती घेतला. १९४१ मध्ये त्याचा शोधनिबंध प्रसिद्ध झाला आणि त्याच वर्षाच्या अखेरीस ब्रिटिश सैन्याने स्वारांना हेल्मेट सक्तीचे केले. नागरी जीवनात अशी सक्ती प्रथम १९६१ मध्ये ऑस्ट्रेलियातील व्हिक्टोरिया राज्याने केली. खुद्द ब्रिटनमध्ये ती यायला १९७३ उजाडले.

या हेल्मेटाचा गाभा समजून घेण्यासाठी थोडे गणित आवश्यक आहे. दुचाकीवर बसलेल्या माणसाचे डोके जमिनीपासून साधारण दीड मीटर उंच असते; गाडी उभी असताना तो नुसता कलंडला तरी जमिनीवर आदळताना डोक्याचा वेग सेकंदाला सुमारे ५.४ मीटर, म्हणजे ताशी जवळजवळ २० किलोमीटर होतो. हे डोके डांबरावर दोन मिलिमीटरच्या अंतरात थांबले, तर त्याला बसणारा सरासरी झटका गुरुत्वत्वरणाच्या सुमारे ७५० पट येतो. तेच डोके थर्माकोलचा थर चुरडत २० मिलिमीटर अंतरात थांबले, तर झटका त्याच्या दहाव्या हिश्शावर येतो. चुरडणाऱ्या अस्तराची ही कल्पना अमेरिकेत सी. एफ. लोम्बार्ड व त्याच्या सहकाऱ्यांनी १९५३ च्या एकस्वात मांडली, आणि त्यानंतर हेल्मेट म्हणजे कठीण कवच ही समजूत जाऊन, हेल्मेट म्हणजे कवचाआड लपवलेली मऊ वस्तू अशी नवी समजूत तज्ज्ञांत रूढ झाली. सामान्य ग्राहक आजही दुकानात हेल्मेटावर बोटाच्या पेराने ठोकून पाहतो, जणू मडके घेतो आहे. त्या ठोक्याने कवचाचा आवाज कळतो, अस्तराची जाडी कळत नाही. एकदा जोराचा आघात झालेले अस्तर पुन्हा फुगत नाही, म्हणून ते हेल्मेट बाहेरून धडधाकट दिसले तरी निकामी झालेले असते, हेही या रचनेतूनच निघते.

खाणीची टोपी आणि गाडीचे हेल्मेट ही म्हणून चुलत भावंडेदेखील नव्हेत. पहिली वरून पडणाऱ्या लहान वस्तूसाठी आहे, दुसरे स्वतः वेगाने जाऊन आदळणाऱ्या डोक्यासाठी. पहिलीच्या बाजूंना जवळजवळ काहीच संरक्षण नसते, आणि रस्त्यावर पडलेल्या माणसाचे डोके बहुधा बाजूने किंवा मागूनच आपटते. दुचाकीस्वारांसाठीचे मानक आयएस ४१५१ हे वेगळे आहे आणि त्याच्या १९९३ व २०१५ च्या आवृत्त्यांत चाचण्या अधिक कडक झाल्या आहेत. तरी कामावरची पिवळी टोपी डोक्यावर ठेवून मोटारसायकल हाकणे हा भारतात अनेक ठिकाणी दिसणारा प्रकार आहे, आणि त्यातून ना खाणीचा नियम पाळला जातो ना रस्त्याचा.

खेळाने मधला मार्ग घेतला. मार्च १९६२ मध्ये बार्बाडोस येथे चार्ली ग्रिफिथचा चेंडू लागून भारतीय क्रिकेट कर्णधार नरी कॉन्ट्रॅक्टर यांची कवटी फुटली आणि त्यांची कसोटी कारकीर्द तेथेच संपली, तरी फलंदाजाच्या डोक्यावर हेल्मेट यायला आणखी पंधरा वर्षे लागली. १९७७ मध्ये डेनिस एमिसने मोटारसायकल हेल्मेटाच्या धर्तीवरचे हेल्मेट घातले आणि १९७८ मध्ये ग्रॅहॅम यॅलप ते घालून कसोटी खेळला. सुनील गावसकर यांनी पूर्ण हेल्मेट कधीच स्वीकारले नाही; कारकिर्दीच्या उत्तरार्धात त्यांनी टोपीच्या आत बसणारी काचतंतूची कवटी तेवढी वापरली, आणि महाराष्ट्रातील एका पिढीच्या मनात धैर्याचे चित्र उघड्या चेहऱ्याचेच राहिले. फेब्रुवारी १९९८ मध्ये ढाक्यात फलंदाजाच्या अगदी जवळ, हेल्मेटाविना क्षेत्ररक्षण करणारा रमण लांबा चेंडू लागून मृत्यू पावला. नोव्हेंबर २०१४ मध्ये फिलिप ह्यूज हेल्मेट घातलेला असतानाही गेला, कारण चेंडू हेल्मेटाच्या खाली, मानेवर लागला होता. त्यानंतर मानेमागे संरक्षक पट्टी लावण्याचा प्रघात वाढला. सावलीकडील पारंपरिक खेळांत अशा विचाराचा प्रवेशच झालेला नाही. धानाची कापणी आटोपल्यावर होणाऱ्या शंकरपटात, म्हणजे बैलजोड्यांच्या शर्यतीत, धुरकरी धावत्या जोडीवर ताबा ठेवताना डोक्याला फार तर दुपट्टा बांधतो, आणि २०१४ ते २०२१ या बंदीच्या काळातील सारी न्यायालयीन चर्चा बैलाच्या यातनांची होती. धुरकऱ्याचे डोके तिच्यात केंद्रस्थानी कधी आले नाही.

मानेचा प्रश्न या अरण्यात दुसऱ्याही एका कारणाने जिवंत आहे. सावलीचे वनपरिक्षेत्र ब्रह्मपुरी वनविभागात येते, आणि हा विभाग माणूस व वाघ यांच्या संघर्षासाठी दुर्दैवाने देशभर ओळखला जातो. तेंदूपत्ता तोडणारी वा मोहफुले वेचणारी व्यक्ती वाकलेली असते, तिची मान उघडी व आडवी असते, आणि वाघ बहुधा मागून मानेवरच झडप घालतो. सुंदरबनात १९८० च्या दशकात यासाठी डोक्याच्या मागच्या बाजूला मानवी चेहऱ्याचे मुखवटे बांधण्याचा प्रयोग झाला, आणि मानेमागे उभ्या राहणाऱ्या कडक गाद्याही देण्यात आल्या. मुखवट्यांचा परिणाम काही काळ दिसला, परंतु वाघ त्यालाही सरावले असे पुढे सांगितले जाऊ लागले. खाणीत शिरताना टोपी देणारा व्यवस्थापक असतो, जंगलात शिरताना असा कोणी नसतो, कारण तेंदूपत्ता तोडणारा हा कुणाच्या हजेरीपटावरचा कामगार नसून पुड्यांच्या संख्येवर पैसे घेणारा माणूस असतो. या भागातील सर्वांत धोक्याचे काम अशा रीतीने शिरस्त्राणाच्या कायद्यांच्या पूर्णपणे बाहेर राहिले आहे.

रस्त्यावरचा कायदा तसा जुना आहे. १९३९ च्या मोटार वाहन कायद्यात १९७७ च्या दुरुस्तीने हेल्मेटाचे कलम आले. १९८८ मध्ये अजय कानू या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने आंध्र प्रदेशाचा हेल्मेटसक्तीचा नियम वैध ठरवला आणि ही सक्ती नागरिकाच्या मुक्त संचाराच्या हक्कावर आक्रमण नाही असा निर्वाळा दिला. त्याच वर्षीच्या नव्या कायद्यात कलम १२९ म्हणून ही तरतूद कायम झाली, पगडी घालणाऱ्या शीख व्यक्तींना सूट देऊन. २०१९ च्या दुरुस्तीने दंड १,००० रुपये आणि तीन महिन्यांसाठी परवान्याची अपात्रता असा वाढवला. १ जून २०२१ पासून भारतीय मानकाची खूण नसलेले दुचाकीचे हेल्मेट बनवणे, आयात करणे वा विकणे यांवर बंदी आली, आणि १५ फेब्रुवारी २०२३ पासून नऊ महिने ते चार वर्षे वयाच्या बालकालाही दुचाकीवर हेल्मेट आवश्यक झाले. कागदावर कुठे फारसे छिद्र उरले नाही.

महाराष्ट्रात मात्र या कायद्याची कहाणी मुख्यतः सक्ती आणि सक्तीविरोध यांचीच राहिली. २०१६ च्या जुलैमध्ये तत्कालीन परिवहनमंत्री दिवाकर रावते यांनी हेल्मेट नसेल तर पेट्रोल नाही अशी घोषणा केली आणि ती टिकली नाही. १ जानेवारी २०१९ पासून पुण्यात पोलिसांनी कडक कारवाई सुरू केली, तेव्हा तेथे सक्तीविरोधी कृती समिती उभी राहून मोर्चे निघाले. पुण्याच्या वादात उकाडा, मानेचे दुखणे, ऐकू न येणे, शहरातील कमी वेग अशी कारणे हिरिरीने मांडली गेली, आणि वर केलेल्या गणिताकडे, म्हणजे उभ्या गाडीवरून पडणेही पुरेसे असते या साध्या गोष्टीकडे, क्वचितच कोणी वळले. मराठीत ‘टोपी घालणे’ म्हणजे फसवणे; सरकारच्या हातची टोपी लोकांना तशीच वाटली असल्यास नवल नाही.

सावलीसारख्या गावात हा वाद झालाच नाही, आणि तो न होणे हेच अधिक चिंतेचे आहे. चंद्रपूर, मूल, सावली, गडचिरोली हा रस्ता आता राष्ट्रीय महामार्ग आहे. त्यावर धानाचे ट्रॅक्टर, अवजड मालमोटारी आणि बसगाड्या धावतात, रात्री रानडुकरे व चितळे आडवी येतात, आणि दिवाळीनंतर होळीपर्यंत झाडीपट्टीतील, म्हणजे या जंगलपट्ट्यातील, नाटकांचा हंगाम असतो, तेव्हा रात्रभर चालणारे नाटक पाहून माणसे पहाटेच्या धुक्यात, झोपाळलेल्या डोळ्यांनी, एका गाडीवर दोघे-तिघे बसून गावोगावी परततात. केंद्रीय परिवहन मंत्रालयाच्या अहवालानुसार २०२२ मध्ये देशात रस्ते अपघातांत १,६८,४९१ माणसे मेली, त्यांपैकी ५०,०२९ जणांच्या डोक्यावर हेल्मेट नव्हते, आणि या उघड्या डोक्यांपैकी १४,३३७ मागे बसलेल्यांची होती. योग्य रीतीने घातलेल्या हेल्मेटाने मृत्यूचा धोका सुमारे ४२ टक्के आणि डोक्याच्या इजेचा धोका सुमारे ६९ टक्के घटतो असे जागतिक आरोग्य संघटना सांगते.

खाण आणि रस्ता यांच्यातील हा फरक माणसांच्या शहाणपणाचा म्हणता येत नाही, कारण माणसे पुष्कळदा तीच असतात. पाळीला आठ तास टोपी न काढणारा कामगार सुटी होताच ती खुंटीला लावतो आणि उघड्या डोक्याने गाडीवर बसतो. खाणीत टोपी देणे, ती तपासणे आणि तिच्याविना आत सोडल्यास शिक्षा भोगणे या तिन्ही गोष्टी एकाच पक्षाकडे आहेत. रस्त्यावर ती विकत घ्यायची स्वाराने, तपासायची पोलिसाने, तीही तालुक्याच्या चौकात, आणि चौक ओलांडल्यावर पुढचे पंचवीस किलोमीटर कोणीच नाही. रस्त्याच्या कायद्यात देणाऱ्याची जबाबदारी सांगणारी एकच जागा आहे: केंद्रीय मोटार वाहन नियमांतील १३८ व्या नियमाप्रमाणे दुचाकी विकताना निर्मात्याने खरेदीदाराला मानकाप्रमाणे हेल्मेट द्यावयाचे असते. नवी गाडी घेऊन दुकानाबाहेर पडणाऱ्याने चावीबरोबर ते मागून घ्यावे, त्यावरील खुणेत आयएस ४१५१ हा क्रमांक आहे की २९२५ हे वाचावे, आणि हनुवटीखालचा पट्टा आवळावा. पट्ट्याने न बांधलेले हेल्मेट कलम १२९ च्या दृष्टीने हेल्मेट ठरत नाही.